अद्वैताची पोथी आणि गृहस्थाचा चातुर्मास

आज आषाढ शुद्ध एकादशी. चंद्रभागेचे वाळवंट वैष्णवांनी फुलून गेले असेल आणि ज्यांना पंढरी गाठता आली नाही त्यांच्या घरी तुळशीची माळ, साबुदाण्याची खिचडी आणि हरिपाठ यांत दिवस सरत असेल. देवशयनीपासून चातुर्मास लागतो. कोणी कांदा-लसूण सोडतो, कोणी वांगे वर्ज्य करतो, कोणी एकभुक्त राहण्याचा नेम धरतो. पूर्वापार चालत आलेला आणखी एक नेम म्हणजे पोथीचा. देव्हाऱ्याशेजारच्या फडताळातून लाल वस्त्रात गुंडाळलेली पोथी निघते, चौरंगावर ठेवली जाते, आणि दिवेलागणीनंतर घरातील एकाने वाचावे व बाकीच्यांनी ऐकावे असा क्रम कार्तिकी एकादशीपर्यंत चालतो.

ही पोथी बहुधा ज्ञानेश्वरी असते, नाहीतर एकनाथी भागवत, नाहीतर दासबोध. सहसा आपल्या ध्यानात येत नाही ती गोष्ट अशी की हे तीनही ग्रंथ अद्वैताचे आहेत. जीव आणि शिव हे मुळात दोन नाहीत, हा त्यांचा सिद्धांत. सकाळी ज्या हातांनी विठ्ठलाच्या चरणी तुळस वाहिली, तेच हात संध्याकाळी पान उलटतात आणि त्या पानावर लिहिलेले असते की वाहणारा आणि ज्याला वाहिले तो यांत भेद नाही. मग सकाळची पूजा खरी की संध्याकाळची पोथी खरी? हा प्रश्न घरातील एखाद्या चौकस मुलाने विचारला, तर पुष्कळदा त्याला 'मोठा झालास म्हणजे कळेल' असे उत्तर मिळते. उत्तर देणाराही मोठा होऊन बरीच वर्षे लोटलेली असतात!

अद्वैत या शब्दाचा अर्थ साधा आहे: दोन नसणे. उपनिषदांत हा विचार ठायी ठायी विखुरलेला होता. गौडपादाचार्यांनी अवघ्या बारा मंत्रांच्या मांडूक्य उपनिषदावर कारिका रचून त्याला प्रथम शास्त्राची बैठक दिली. त्यांचे शिष्य गोविंदपाद आणि गोविंदपादांचे शिष्य केरळातील कालडीचे शंकराचार्य. इसवी सनाच्या आठव्या शतकाच्या सुमारास आचार्यांनी उपनिषदे, ब्रह्मसूत्रे आणि भगवद्गीता या प्रस्थानत्रयीवर भाष्ये लिहिली आणि अद्वैताची बाजू अशी भक्कम केली की पुढे रामानुज, मध्व, वल्लभ या आचार्यांना आपले निराळे मत मांडताना प्रथम त्यांच्याशीच वाद करावा लागला.

या विचारातील ज्या एका शब्दाने सर्वांत अधिक घोटाळा केला, तो शब्द म्हणजे 'मिथ्या'. जग मिथ्या आहे असे ऐकले की आपण समजतो, जग नाहीच, सारी थाप आहे. आचार्यांचे म्हणणे तसे नव्हे. अंधारात पडलेली दोरी साप म्हणून दिसते. तो साप नाही म्हणावे, तर छाती धडधडली, घाम फुटला, पाय मागे सरला, हे सारे झाले ना? आहे म्हणावे, तर दिवा आणल्याबरोबर तो गेला कोठे? आहेही म्हणता येत नाही आणि नाहीही म्हणता येत नाही, असे जे असते त्याला त्यांनी मिथ्या म्हटले. शिवाय सत्तेच्या तीन पायऱ्या सांगितल्या. दोरीवरचा साप किंवा स्वप्नातले राज्य प्रातिभासिक, आपला रोजचा संसार व्यावहारिक, आणि ब्रह्म तेवढे पारमार्थिक. जोवर ब्रह्मज्ञान झाले नाही, तोवर व्यवहार व्यवहाराच्या जागी पूर्ण खरा आहे. वाण्याची उधारी मिथ्या आहे असे म्हटल्याने फिटत नाही, आणि आजारी माणसाच्या उशाशी बसून 'देह मिथ्या आहे' असे सांगणारा शंकरमताचा नव्हे, निव्वळ निष्ठुर होय. समर्थांचा दासबोध ज्यांनी मनापासून वाचला आहे त्यांना प्रपंच नेटका करण्याचा त्यांचा आग्रह ठाऊकच आहे. तोच ग्रंथ मायेचा उद्भव सांगायला आठवा दशक खर्च करतो. समर्थांना यांत विसंगती वाटली नाही.

अद्वैत हे संन्याशांचे तत्त्वज्ञान, गृहस्थाला त्याचा काय उपयोग, असेही म्हणण्याची रीत आहे. परंतु या विचारातील एक अत्यंत खोल संवाद झाला तो एका घरात, आणि ऐकणारी होती त्या घरातील गृहिणी. बृहदारण्यक उपनिषदात ही कथा दोनदा आली आहे. याज्ञवल्क्य घर सोडून जायला निघाले आहेत आणि मैत्रेयी व कात्यायनी या दोन पत्नींमध्ये मालमत्तेची वाटणी करू म्हणतात. मैत्रेयी विचारते की सारी पृथ्वी धनाने भरून मला मिळाली तर तिने मी अमर होईन का? ऋषी प्रांजळपणे सांगतात की सुखवस्तू माणसाचे जिणे मिळेल, अमरत्वाची आशा धरू नकोस. मग ती म्हणते, जे घेऊन अमर होता येत नाही ते घेऊन मी काय करू? आपल्याला जे कळले आहे तेच मला सांगा.

यापुढे याज्ञवल्क्य जे सांगतात ते प्रथम ऐकताना कठोर वाटते. पती प्रिय होतो तो पतीसाठी नव्हे, पुत्र प्रिय होतात ते पुत्रांसाठी नव्हे, तर आत्म्यासाठी. कित्येक वाचक येथेच पोथी मिटतात. एवढे करून सारी माया स्वार्थाचीच का, असे त्यांना वाटते. वस्तुतः येथील आत्मा म्हणजे 'मी अमक्याचा मुलगा, अमक्या गावचा' हा आपल्या ओळखीचा मी नव्हे. ज्याच्यामुळे कोणतीही वस्तू मुळात प्रिय होऊ शकते, तो सर्वांच्या ठिकाणी असणारा एकच आत्मा. मुलावरच्या प्रेमात आपण नकळत त्यालाच स्पर्श करीत असतो. मैत्रेयीला हे सहज पटले असेही नाही. मिठाचा खडा पाण्यात विरघळावा तसा जीव त्या विज्ञानघनात विरतो आणि मग वेगळी संज्ञा उरत नाही, हे ऐकून ती सरळ म्हणते की येथे आपण मला गोंधळात टाकलेत. तिची ही शंका उपनिषदाने झाकून ठेवली नाही. घरात पोथी ऐकताना कोणी शंका काढली तर रागावू नये याला यापेक्षा मोठा आधार कोणता हवा?

ज्ञान आपल्या देवघरापर्यंत पोहोचले कसे, हेही या निमित्ताने पाहिले पाहिजे, कारण ते आपोआप पोहोचलेले नाही. ब्रह्मसूत्रांच्या पहिल्या अध्यायाच्या तिसऱ्या पादात अपशूद्राधिकरण म्हणून एक प्रकरण आहे. तेथे शूद्राला वेदाध्ययनाच्या द्वारे ब्रह्मविद्येचा अधिकार नाही असे ठरविले गेले आणि आचार्यांनी भाष्यात ते मान्य केले. इतिहास-पुराणांच्या श्रवणाने चारही वर्णांना ज्ञान मिळू शकते, विदुर आणि धर्मव्याध हे ज्ञानी होतेच, एवढी वाट त्यांनी मोकळी ठेवली. सर्वांच्या ठिकाणी एकच आत्मा आहे असे सांगणारे शास्त्र आणि ते कोणी ऐकावे याची आखून दिलेली मर्यादा, या दोहोंत जे अंतर आहे ते श्रद्धावंतांनीही डोळ्यांआड करू नये.

ते अंतर कमी करण्याचे काम आपल्या भाषेने केले. मुकुंदराजांच्या 'विवेकसिंधू'चा काळ परंपरेने शके १११० म्हणजे इसवी सन ११८८ मानला जातो. त्या काळाविषयी अभ्यासकांत वाद आहेत, पण हा ग्रंथ शांकर वेदान्त मराठीत सांगणारा आहे यात वाद नाही. त्यानंतर शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, प्रवरेच्या काठी नेवाशाला ज्ञानेश्वरी सिद्ध झाली. भाष्यकारांचा मागोवा घेत आपण चाललो आहोत असे ज्ञानदेव नम्रपणे सांगतात. परंतु अठराव्या अध्यायात ते वेदाला चक्क कृपण म्हणतात. तो तीन वर्णांच्याच कानी लागला आणि स्त्री-शूद्रादिकांना दूर ठेवून बसला, म्हणून ते उणेपण फेडण्यासाठी तो गीतेच्या रूपाने सर्वांना सेव्य झाला, असा त्यांचा भाव आहे. ज्या मुलांना संन्याशाची पोरे म्हणून समाजाने बाहेर ठेवले, त्यांपैकी एकाने हे लिहावे! आज एखादी आजी चष्मा सावरीत ज्ञानेश्वरीची ओवी वाचते तेव्हा तिच्या हातात जे असते ते शतकानुशतके तिच्या पणज्यांच्या कानांवर पडू दिलेले नव्हते.

आता सकाळची तुळस आणि संध्याकाळची पोथी यांच्याकडे वळू. अद्वैत खरे असेल तर भक्ती ही खालची पायरी ठरते, ज्ञान झाले की ती सोडायची, असा एक समज आहे. ज्ञानदेवांनी 'अनुभवामृत' म्हणजेच अमृतानुभव हा सुमारे आठशे ओव्यांचा ग्रंथ स्वतंत्रपणे लिहिला. त्यात कोणत्याही मूळ ग्रंथाची टीका नाही, म्हणून त्यांचे स्वतःचे मत तेथे मोकळेपणी आले आहे. दहा प्रकरणांच्या या ग्रंथाचा आरंभच शिव आणि शक्ती यांच्या दांपत्याने होतो. दोघे इतके एक की एकावाचून दुसरे दिसत नाही, आणि तरी एकमेकांना भेटण्याची त्यांची हौस संपत नाही. अद्वैताच्या ग्रंथाच्या दारातच त्यांनी संसार मांडला आहे, तोही प्रेमाचा. सातव्या, सर्वांत मोठ्या प्रकरणात त्यांनी अज्ञान नावाची काही वस्तू आहे या मताचेच खंडन केले आणि जग हा अज्ञानाचा पसारा नसून चैतन्याचाच विलास आहे असे सांगितले. हे शांकर मताशी कितपत जुळते यावर विद्वानांनी ग्रंथच्या ग्रंथ लिहिले आहेत. गृहस्थाने त्या वादात पडण्याची घाई करू नये.

त्याने थेट नवव्या प्रकरणाकडे यावे. तेथे ज्ञानदेवांनी डोंगर कोरून केलेल्या लेण्याचा दृष्टान्त दिला आहे. देव त्याच दगडाचा, देऊळ त्याच दगडाचे आणि भोवतालचा परिवारही त्याच दगडाचा. ज्यांनी वेरूळचे कैलास लेणे पाहिले आहे त्यांना हे निराळे समजावून सांगायला नको. आठव्या शतकात राष्ट्रकूटांच्या काळी एका अखंड कड्यातून वरून खाली कोरीत आणलेले ते मंदिर. तेथे शिवलिंग बाहेरून आणून बसविलेले नाही, नंदी दुसऱ्या खाणीतला नाही, आणि भिंतीवर हात जोडून उभ्या असलेल्या मूर्तीही त्याच पाषाणाच्या. आता त्या लेण्यात भक्ताने देवाला नमस्कार केला म्हणून दगडाचे दोन तुकडे झाले काय? आणि दगड एकच आहे हे कळले म्हणून नमस्कार करणारी मूर्ती हात खाली घेते काय? एकत्वाला धक्का न लागता भक्तीचा व्यवहार चालू राहतो, असे ज्ञानदेवांचे म्हणणे आहे. सकाळची पूजा पोथीने खोटी ठरत नाही. पूजेत कोणी परका राहत नाही, एवढेच पोथी सांगते.

तुकोबांची गोष्ट थोडी निराळी. अद्वैताचा अनुभव सांगणारे त्यांचे अभंग आहेतच, पण विठोबाशी भांडताना ते स्पष्ट बजावतात की मला ब्रह्मज्ञान नको, मला भक्तच राहू दे आणि तू देव राहा. त्यांनी अद्वैत नाकारले असा याचा अर्थ काही जण लावतात. मला ते पटत नाही. कोरडे अद्वैत बोलणाऱ्यांचा त्यांना वीट आला होता हे खरे, पण ज्याने गोडी चाखली आहे तोच गोडी संपू नये म्हणून असा हट्ट धरू शकतो. अलीकडच्या काळात विदर्भातील प्रज्ञाचक्षू गुलाबराव महाराजांनी (१८८१ ते १९१५) याच हट्टाला शास्त्राची जोड देऊन 'मधुराद्वैत' असे नाव दिले. बालपणीच दृष्टी गेलेला हा पुरुष ज्ञानदेवांना माऊली मानून स्वतःला त्यांची कन्या म्हणवीत असे.

पण वाचनाने होते तरी काय? पोथी वाचून कोणी ब्रह्म झाल्याचे ऐकिवात नाही, असे चेष्टेने म्हटले जाते. विद्यारण्यांच्या पंचदशीत, सातव्या तृप्तिदीप प्रकरणात, दहाव्या माणसाची गोष्ट आहे. वारकरी कीर्तनकार ती रंगवून सांगतात. दहा जण नदी उतरून पैलतीरी आले. सगळे सुखरूप आहेत ना, म्हणून एकाने मोजले, तर नऊच भरले. दुसऱ्याने मोजले, पुन्हा नऊ. प्रत्येक जण स्वतःला सोडून मोजत होता! दहावा वाहून गेला म्हणून त्यांनी आक्रोश मांडला. वाटेने जाणाऱ्या एका भल्या माणसाने सांगितले, 'रडू नका, दहावा जिवंत आहे.' तेवढ्याने थोडा धीर आला. मग त्याने सर्वांना उभे करून मोजायला लावले आणि नऊ झाल्यावर मोजणाऱ्याच्या छातीवर बोट ठेवून म्हटले, 'दहावा तूच.'

पहिल्या वाक्याने जे झाले ते परोक्ष ज्ञान. कोठेतरी दहावा आहे, कोठेतरी ब्रह्म आहे. आपले बहुतेक वाचन येथवर येते, आणि तेही थोडके नव्हे, कारण रडणे त्यानेच थांबू लागते. दुसऱ्या वाक्याने झाले ते अपरोक्ष ज्ञान. अज्ञान आणि आवरणापासून शोकनिवृत्ती आणि तृप्तीपर्यंत सात अवस्था विद्यारण्यांनी या एका गोष्टीवर बसविल्या आहेत. शब्द ऐकताच असे साक्षात ज्ञान होते की ऐकलेल्याचे दीर्घ चिंतन करावे लागते, यावर शंकराचार्यांच्या अनुयायांतच दोन संप्रदाय झाले. विवरणकार प्रकाशात्मयती पहिल्या पक्षाचे, भामतीकार वाचस्पती मिश्र दुसऱ्या पक्षाचे. वाचस्पतींविषयी एक आख्यायिका आहे. मिथिलेचा हा पंडित भाष्यावरील टीका लिहिण्यात इतका गढून गेला की वर्षानुवर्षे समईत तेल घालणाऱ्या आपल्या पत्नीकडे त्याने मान वर करून पाहिले नाही. ग्रंथ पुरा झाल्यावर भान आले तेव्हा त्याने ग्रंथालाच तिचे नाव दिले, भामती. कथा गोड आहे, पण ऐकताना त्या माउलीविषयी वाईट वाटल्याशिवाय राहत नाही. दिव्याखाली बसून सर्वांभूती आत्मा शोधणाऱ्याला दिवा धरणारी दिसली नाही!

येथेच गृहस्थाच्या अद्वैताची खरी कसोटी लागते आणि ती पैठणच्या नाथांनी दिली. एकनाथांनी आचार्यांच्या परंपरेतील 'हस्तामलक' या चौदा श्लोकांच्या स्तोत्रावर मराठी टीका लिहिली आहे. एका मुक्या वाटणाऱ्या मुलाला आचार्यांनी 'बाळ, तू कोण?' असे विचारले आणि त्याने मी मनुष्य नव्हे, देव नव्हे, ब्राह्मण-क्षत्रियादी नव्हे, नित्य बोधरूप आत्मा आहे, अशा अर्थाचे उत्तर दिले, ही त्या स्तोत्रामागची कथा. नाथांनी हे उत्तर वाचले, त्यावर ओव्या रचल्या, आणि मग ते गोदावरीच्या वाळवंटात गेले. त्यांच्या चरित्रकथांत आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत की ज्याला त्या काळी अस्पृश्य मानीत अशा कुळातले एक मूल तापलेल्या वाळूत रडत होते आणि नाथांनी ते कडेवर घेऊन त्याच्या आईकडे पोचविले. रामेश्वराला नेण्याच्या कावडीतले गंगोदक तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखी घातले ते याच नाथांनी. काशीच्या वाटेत चांडाळाने आचार्यांनाच प्रश्न केला, तू कोणाला दूर हो म्हणतोस, या देहाला की आत्म्याला, आणि त्या प्रश्नातून मनीषापंचक निर्माण झाले अशीही परंपरा आहे. शास्त्रातील अधिकाराची भिंत आणि हा प्रश्न, दोन्ही आचार्यांच्याच नावावर आहेत. आपण कोणते उचलायचे ते आपल्या हाती आहे. घरात भांडी घासणाऱ्या बाईंचा चहाचा पेला अजून खिडकीत वेगळा ठेवलेला असेल, तर संध्याकाळच्या पोथीतली ओवी त्या पेल्यापाशी अडखळली पाहिजे.

असो. ज्यांनी यंदा नेम धरायचा ठरविले आहे त्यांच्यासाठी थोडा हिशेब. आजपासून कार्तिकी एकादशीपर्यंत, अधिकमास मध्ये आला नाही तर, सुमारे चार महिने मिळतात. दासबोधाचे वीस दशक आणि दोनशे समास आहेत. रोज दोन समास वाचले तर शंभर दिवसांत ग्रंथ होतो आणि चुकलेले दिवस भरून काढायला सवड राहते. त्यातही चौथ्या दशकातील नवविधा भक्तीचे समास घाईने उरकू नयेत. श्रवणापासून निघालेली भक्ती नवव्या समासात आत्मनिवेदनाला येते, आणि तेथे भक्ती कोठे संपली व अद्वैत कोठे सुरू झाले ते समर्थ आपल्याला कळू देत नाहीत. नाथांनी पैठणला आरंभ करून १५७३ साली काशीत पुरे केलेले एकनाथी भागवत एकतीस अध्यायांचे आहे, पण ओव्या अठरा हजारांवर. रोज दीडशेहून अधिक वाचाव्या लागतील, म्हणून घरात वाचणारे दोघे-तिघे असतील तरच ते घ्यावे. अमृतानुभव रोज सात ओव्यांत होतो. तो मात्र सार्थ प्रतीतून, आणि शक्य तर जाणत्या माणसाजवळ बसून वाचावा. पहिले प्रकरण झाल्यावर नववे वाचले आणि मग मधल्या सातव्याकडे आले तर वाट सोपी जाते.

आणि एवढीही सवड ज्यांना नाही, ज्यांची रात्र कारखान्याच्या पाळीत किंवा परगावच्या प्रवासात जाते, त्यांनी चांगदेव पासष्टी घ्यावी. चांगदेवांनी ज्ञानदेवांना पत्र लिहायला घेतले. थोर म्हणून नमस्कार लिहावा तर ते वयाने लहान, आशीर्वाद लिहावा तर ते ज्ञानाने मोठे, म्हणून कागद कोराच धाडला, अशी कथा आहे. त्या कोऱ्या कागदाला ज्ञानदेवांनी दिलेले उत्तर पासष्ट ओव्यांचे आहे. आज रात्री हरिपाठ आटोपल्यावर, फराळाची पाने वाढली जाण्यापूर्वी, मोठ्याने वाचायला अर्धा तास पुरतो. मुलांना जवळ बसवावे. ती मध्येच काही विचारतील, तेव्हा ओवी तेथेच थांबवावी.